जाहिरातींची पानेही शिवणारा बांधणीकार

गेल्या जुलैमध्ये मी एका इंग्रजी क्रीडा मासिकाचे सहा सुटे अंक बेळगावातील एका बांधणीकाराकडे दिले आणि दिवाळी उलटल्यावर ते कापडी पाठीच्या एका जाड खंडाच्या रूपात परत आणले. त्या कामाचे हे परीक्षण आहे. दुकानाचे नाव मी देऊ शकत नाही, कारण दुकानाला नावच नाही. खडेबाजारातून आत वळणाऱ्या एका बोळात, भांड्यांच्या दुकानाच्या वरच्या माळ्यावर, जेमतेम बारा फूट लांबीच्या खोलीत एक वयस्कर गृहस्थ आणि त्यांचा भाचा हे काम करतात. आजूबाजूचे सगळे त्यांना ‘बाइंडिंगवाले मामा’ म्हणतात आणि जिन्याच्या पायथ्याशी उभे राहून तेवढे विचारले तरी कोणीही वर बोट दाखवते. पाटी का नाही, असे मी एकदा विचारले होते. पाटी लावायची तर ती कोणत्या भाषेत, किती मोठ्या अक्षरांत, हा आमच्या गावातला न संपणारा प्रश्न अंगावर घेण्यापेक्षा पाटी नसलेली बरी, असे उत्तर मिळाले. इथल्या माणसाला त्याचा अर्थ अधिक समजावून सांगावा लागत नाही.

मी दिलेले अंक ‘सी. बी. फ्राय्ज मॅगझिन’ या मासिकाचे, एप्रिल ते सप्टेंबर १९०४ या त्याच्या पहिल्याच सहामाहीचे होते. माझे आजोबा बेळगावच्या छावणीत कारकून होते आणि बदली होऊन गेलेल्या कोणा गोऱ्या अधिकाऱ्याने मागे ठेवलेल्या सामानातून ते आमच्या घरी आले, एवढेच घरात सांगितले जाते. पुढे कित्येक वर्षे ते शहापुरातील आमच्या घरी पत्र्याच्या ट्रंकेत होते. शाळेत शारीरिक शिक्षण शिकवीत असताना मी त्यांतली चित्रे मुलांना दाखवायला नेत असे, त्यामुळे त्यांची जी काही झीज झाली तिच्यातला निम्मा वाटा माझा आहे. उरलेला निम्मा बेळगावच्या पावसाचा. जून ते सप्टेंबर इथल्या भिंतीही ओल धरतात; कागदाची काय कथा!

ज्यांना फ्राय हे नाव केवळ क्रिकेटच्या जुन्या आकड्यांत भेटले असेल त्यांच्यासाठी थोडे सांगणे आवश्यक आहे, कारण काय बांधायचे होते हे ठाऊक असल्याशिवाय ते कसे बांधले गेले याची किंमत कळणार नाही. चार्ल्स बर्जेस फ्राय यांचा जन्म २५ एप्रिल १८७२ रोजी लंडनजवळच्या क्रॉयडन येथे झाला. ऑक्सफर्डच्या वॉडहॅम कॉलेजात असताना ते क्रिकेट, फुटबॉल आणि मैदानी स्पर्धा या तिन्हींत विद्यापीठाकडून खेळले. रग्बीतही तो मान मिळायचा, पण ऐन वेळी दुखापत आडवी आली. ४ मार्च १८९३ रोजी त्यांनी २३ फूट साडेसहा इंच, म्हणजे आजच्या मापाने ७.१७ मीटर, लांब उडी मारून त्या वेळच्या जागतिक विक्रमाशी बरोबरी केली. शाळेच्या मैदानावर वाळूच्या खड्ड्याशेजारी टेप धरून वर्षानुवर्षे बसलेल्या माणसाला सात मीटर म्हणजे काय हे सांगावे लागत नाही. माझ्या साऱ्या नोकरीत तिथवर पोचलेला मुलगा मला दिसला नाही.

क्रिकेटमध्ये ते इंग्लंडकडून २६ कसोटी सामने खेळले. १९०१ च्या हंगामात त्यांनी ३,१४७ धावा आणि तेरा शतके काढली, त्यांतली सहा शतके ओळीने सहा डावांत. हा विक्रम पुढे ब्रॅडमन आणि प्रॉक्टर यांनी गाठला. त्याच वर्षाच्या मार्चमध्ये ते आयर्लंडविरुद्ध इंग्लंडच्या फुटबॉल संघातून खेळले आणि १९०२ मध्ये साउदॅम्प्टनकडून एफए कपच्या अंतिम सामन्यात उतरले. शेफील्ड युनायटेडविरुद्धचा तो सामना १-१ असा बरोबरीत सुटला आणि फेरसामना साउदॅम्प्टनने २-१ असा गमावला. ही यादी वाचताना माणूस सर्वत्र जिंकतच गेला असे वाटू लागते, म्हणून दुसरी बाजूही नोंदवतो. १८९८ मध्ये पंच जिम फिलिप्स यांनी त्यांची गोलंदाजी ‘फेक’ ठरवून नो-बॉल दिला होता. आणि फुटबॉलचा अंतिम सामना खेळलेल्या त्याच १९०२ मध्ये ऑस्ट्रेलियाविरुद्धच्या तीन कसोटींत मिळून त्यांच्या बॅटीतून अवघ्या पाच धावा निघाल्या.

आता या सगळ्यातून पोट भरत नव्हते, आणि मासिकाचा जन्म नेमका तिथे आहे. त्या काळच्या इंग्लंडमध्ये ‘जंटलमन’ म्हणून खेळणाऱ्याने खेळाचे पैसे घ्यायचे नसत. घरची संपत्ती असलेल्याला ते शोभून दिसे. फ्राय यांच्याकडे ती नव्हती आणि कॉलेजातच त्यांना कर्ज झाले होते. आपल्याकडे पैलवानाच्या खुराकाची जबाबदारी कोल्हापूरच्या शाहू महाराजांसारखा राजा घेई आणि त्यात पैलवानाला कमीपणा वाटत नसे. इंग्रज हौशी खेळाडूला मात्र खुराक स्वतः मिळवायचा आणि तो मिळवतो आहोत हे दिसूही द्यायचे नाही, अशी दुहेरी कसरत होती. फ्राय यांनी दोन वर्षे चार्टरहाउस शाळेत शिकवून पाहिले आणि मग १८९८ मध्ये ती नोकरी सोडून लेखणी धरली, कारण खेळून पैसे घेणे चालत नसले तरी खेळाविषयी लिहून घेणे चालत होते. १८९९ मध्ये जॉर्ज न्यून्स यांच्या संस्थेने मुलांसाठी ‘द कॅप्टन’ हे मासिक काढले तेव्हा त्याचा क्रीडा विभाग त्यांच्याकडे आला. शेरलॉक होम्सच्या कथा घरोघरी पोचवणारे ‘स्ट्रँड मॅगझिन’ याच न्यून्स यांचे. पाच वर्षांनी त्याच संस्थेने फ्राय यांचे नावच मासिकाला दिले. पहिला अंक निघाला त्या एप्रिलमध्ये फ्राय यांनी बत्तीस वर्षे पूर्ण केली आणि त्याच हंगामात ससेक्स या काउंटी क्रिकेट संघाचे कर्णधारपदही त्यांच्याकडे आले. म्हणजे सकाळी मैदान, रात्री मुद्रिते. ज्यांनी शाळेचे साधे हस्तलिखित वेळेवर काढून दाखवले आहे त्यांनाच या ओढाताणीची कल्पना येईल.

अंक घेऊन मी आधी दुसऱ्या एका ठिकाणी गेलो होतो. तिथे यंत्रावर पाठ कापून गोंद लावून देण्याचे तीनशे रुपये सांगितले आणि नमुना म्हणून एका पानाचा कोपरा माझ्या डोळ्यांदेखत वाकवून पाहिला. तो तुटून हातात आला. मी अंक उचलले आणि बाहेर पडलो. त्यानंतर एका निवृत्त ग्रंथपालांनी मला मामांचा जिना दाखवला.

मामांनी पहिल्या दिवशी काहीच कबूल केले नाही. अंक एकेक करून उघडले, पाने मोजली, मधल्या तारा पाहिल्या, एक पान उजेडासमोर धरले आणि मग विचारले, “सर, ह्यातलं जाहिरातीचं काढू काय ठेवू?” मी ठेवा म्हणालो. “ठेवायला काय जातंय? खरं जाडी वाढतंय की. लोक काढाच म्हणतात.” त्यांच्या या एका प्रश्नासाठी मी या दुकानाला कोणत्याही गुळगुळीत काउंटरच्या दुकानापेक्षा वरचा क्रमांक देतो.

कारण असे की, जुन्या इंग्रजी मासिकांचे बांधलेले खंड आपल्याला ग्रंथालयांतून जे दिसतात ते बहुतेक सोललेले असतात. सहा महिन्यांचे अंक जमले की वाचक ते बांधायला देत. प्रकाशकही त्यासाठी ठसा उठवलेली तयार कापडी वेष्टने विकत. आणि बांधणी करताना प्रत्येक अंकाचे रंगीत मुखपृष्ठ आणि मागची-पुढची जाहिरातींची पाने काढून टाकण्याची पद्धत होती. खंड सुबक होई, लेखांची पाने सलग येत आणि पुस्तकासारखा देखावा तयार होई. पण त्या कापाकापीत मासिकाचा अर्धा जन्मवृत्तान्त रद्दीत जाई. आतल्या मजकुरात खेळाडू बोलतो; प्रकाशक बोलतो तो मुखपृष्ठावर, किमतीच्या ओळीत, वर्गणीच्या सूचनेत आणि जाहिरातींत. फ्राय यांच्याबाबतीत तर हे विशेषच खरे आहे, कारण या मासिकात विकायची मुख्य वस्तू त्यांचे नाव होते आणि ते नाव सर्वांत मोठ्या अक्षरांत असे ते मुखपृष्ठावर. मुखपृष्ठ फेकून देऊन आतली पाने जपणे म्हणजे लग्नाचा अल्बम जपून पत्रिका फाडण्यासारखे आहे. लग्न कोणी, कोणाच्या कृपेकरून योजले ते पत्रिकेतच छापलेले असते.

इथे बेळगावकराला किर्लोस्करांची आठवण होणे साहजिक आहे. लक्ष्मणराव किर्लोस्करांनी १८८८ मध्ये सायकलींचे दुकान काढले ते याच गावात. पुढे कारखाना किर्लोस्करवाडीला गेला आणि १९२० मध्ये तिथून ‘किर्लोस्कर खबर’ निघू लागले. नांगरावरचे नाव मासिकावर आले आणि मासिकाने ते नाव नांगर न घेणाऱ्या घरांतही पोचवले. फ्राय यांचे उलट होते. त्यांच्याकडे कारखाना नव्हता. दोन पाय, दोन हात आणि ऑक्सफर्डचे शिक्षण एवढेच भांडवल होते, आणि ते मासिकाच्या नावात गुंतवलेले होते. कारखान्याचे नाव पिढ्यांनी टिकते, खेळाडूचे नाव गुडघ्यांबरोबर थकते. हे मासिक दशकभरातच आटोपले याचे मला म्हणूनच नवल वाटत नाही. ते इतकी वर्षे चालले याचे मात्र थोडे वाटते.

कामाकडे वळतो. या अंकांचा कागद दोन प्रकारचा आहे: मजकुराचा काहीसा खरखरीत आणि छायाचित्रांचा गुळगुळीत, ज्याला आपण आर्ट पेपर म्हणतो. आर्ट पेपरवर पांढऱ्या मातीचा लेप असतो. तो ओला होऊन तसाच वाळला की पाने एकमेकांना चिकटून वीट होते आणि मग सोडवायला गेले तर चित्राचे तोंड एका पानावर आणि पाय दुसऱ्या पानावर राहतात. माझ्या ऑगस्टच्या अंकात अशी चार पाने होती. मामांनी ती सोडवण्याचा प्रयत्नच केला नाही. “हे सोडवाय गेलो तर दोन्हीबी जातात बघा,” एवढे सांगून त्यांनी ती चिकटलेलीच एका घडीत शिवली. पहिल्यांदा मला हा कामचुकारपणा वाटला. आता वाटते की हात कुठे लावायचा नाही हे कळणे हे या धंद्यातले अर्धे कौशल्य आहे. त्या चार पानांवर काय आहे हे मला आठवते, इतरांना दिसणार नाही. पण ती आहेत.

प्रत्येक अंकाच्या मधल्या तारा गंजल्या होत्या आणि गंज सात-आठ पानांत उतरला होता. भाच्याने बोथट सुरीने त्या तारा एकेक करून सरळ केल्या आणि मागून ओढून काढल्या. भोकांभोवतीचा गंज घासला नाही, फक्त ब्रशने झाडला. जिथे घडीवर कागद तुटला होता तिथे पातळ टिश्यू कागदाच्या पट्ट्या लावून पानांच्या जोड्या पुन्हा केल्या, त्या जोड्यांचे फर्मे, म्हणजे एकत्र शिवायचे गठ्ठे, रचले आणि फर्मे दोऱ्याने शिवले. खळ मैद्याची, घरी शिजवलेली, कसर लागू नये म्हणून तिच्यात मोरचूद. पाठीला जाळीचे कापड, त्यावर काळे सुती कापड, दोन्ही बाजूंना जाड पुठ्ठा आणि आतून अब्री कागदाचे अस्तर. सगळे झाल्यावर खंड पंधरा दिवस शिकंज्यात, म्हणजे दाबयंत्रात, होता. पावसाळ्यात खळ लवकर सुकत नाही आणि मामा पंख्याखाली काहीही वाळवत नाहीत, त्यामुळे ‘एक महिना’ सांगितलेले काम चार महिन्यांवर गेले. ही माझी पहिली तक्रार. उशीर होणार हे त्यांना पहिल्याच दिवशी ठाऊक असणार. ते तसे स्पष्ट सांगते तर माझ्या सात फेऱ्या वाचल्या असत्या.

खंडाच्या कडा त्यांनी कापल्या नाहीत. कटिंग मशीनवर तिन्ही बाजू तासल्या की खंड ठोकळ्यासारखा देखणा होतो, पण जुन्या मासिकाचा समास आधीच अरुंद असतो आणि त्यातला पाव इंच गेला की छायाचित्रांखालच्या ओळी अर्ध्या होतात. त्यामुळे माझ्या खंडाच्या कडा वेड्यावाकड्या दिसतात. ज्यांना कपाटात शोभेसाठी ठेवायचे आहे त्यांना हे रुचणार नाही. मला रुचते.

दुसरी तक्रार पाठीवरच्या अक्षरांची, आणि ती गमतीची आहे. मामांकडे रोमन लिपीचे खिळे नाहीत. जुन्या छापखान्यातून आणलेले देवनागरीचे दोन खोके आहेत आणि कन्नडचा एक. म्हणून माझ्या खंडाच्या पाठीवर सोनेरी अक्षरांत ‘सी. बी. फ्राय यांचे मासिक’ असे उमटले आहे आणि खाली वर्ष १९०४. ‘फ्रा’मधला फ किंचित वर बसला आहे, जणू उडी घेण्याच्या बेतात. परत करून घ्यावे असे क्षणभर वाटले. मग राहू दिले.

ही अक्षरे बसवताना भाच्याने मला विचारले, “ह्या माणसाचं पुढं काय झालं वो, सर?” तिथे उभ्या-उभ्या मी जे सांगितले ते इथेही सांगायला हवे, कारण मासिकाच्या पहिल्या सहामाहीत दिसणारा उमदा, देखणा खेळाडू पुढे बावन्न वर्षे जगला आणि त्या वर्षांनी मुखपृष्ठावरच्या नावाचा अर्थ बराच बदलला.

१९०८ मध्ये हॅम्बल नदीवरच्या ‘मर्क्युरी’ या प्रशिक्षण जहाजाची जबाबदारी फ्राय यांच्याकडे आली. गरीब घरच्या मुलांना खलाशी करणारी ती शाळा होती आणि १९५० पर्यंत तिच्या प्रमुखपदी फ्राय यांचेच नाव होते. प्रत्यक्षात शाळा चालवली ती त्यांच्या पत्नी बिएट्रिस यांनी, ज्या त्यांच्याहून सुमारे दहा वर्षांनी मोठ्या होत्या. त्यांची शिस्त अतिशय कडक, काहींच्या मते निर्दय होती. १९१२ मध्ये, चाळिशीत, फ्राय यांनी इंग्लंडचे नेतृत्व केले आणि सहा कसोटींपैकी चार जिंकल्या, दोन अनिर्णित राहिल्या, एकही हरली नाही. महायुद्धानंतर त्यांचे जुने ससेक्सचे जोडीदार रणजितसिंह, म्हणजे नवानगरचे जामसाहेब, भारतीय संस्थानिकांच्या वतीने जिनिव्हाला राष्ट्रसंघात (लीग ऑफ नेशन्स) गेले तेव्हा फ्राय त्यांचे सहायक होते आणि त्यांची भाषणे लिहून देत. अल्बानियाचे रिकामे सिंहासन आपल्याला देऊ केले होते, ही गोष्ट त्यांनी त्याच काळातली म्हणून सांगितली; ती कितपत घ्यायची ते ज्याने त्याने ठरवावे. १९२२ ते १९२४ या काळात लिबरल पक्षातर्फे तीनदा निवडणूक लढवून ते तिन्ही वेळा पडले.

विसाव्या शतकाच्या त्याच दशकाच्या अखेरीस ते भारतात आले असताना त्यांचे मन ढासळले. असा पहिला तडाखा त्यांना ऑक्सफर्डच्या शेवटच्या वर्षीच बसला होता: मधल्या परीक्षेत पहिला वर्ग मिळवलेला हा विद्यार्थी अंतिम परीक्षेत चौथ्या वर्गात उतरला होता. या वेळचा आजार अनेक वर्षे टिकला. त्यातून उठल्यावर ते लंडनच्या ‘ईव्हनिंग स्टँडर्ड’मध्ये क्रिकेटवर स्तंभ लिहू लागले आणि वाचकांनी तो डोक्यावर घेतला. पण १९३४ मध्ये ते जर्मनीला जाऊन हिटलरला भेटले आणि भारावून परतले. जर्मनांनी क्रिकेट सुरू करावे असे हिटलरचा मुत्सद्दी रिबेनट्रॉप याला पटवण्याचाही त्यांनी प्रयत्न केला. पुढे १९३९ मधल्या आत्मचरित्रातही ते कौतुक त्यांनी मागे घेतले नाही. ७ सप्टेंबर १९५६ रोजी लंडनमध्ये त्यांचे निधन झाले. शरीर कमावणाऱ्या माणसाला कवायतीत चालणाऱ्या तरुणांच्या रांगा पाहून भूल पडणे समजू शकते. मीही मैदानावर शिट्टी वाजवून रांगा लावलेला माणूस आहे. पण समजणे वेगळे आणि माफ करणे वेगळे. भाच्याला मी हेही सांगितले, कारण मुलांना त्या अंकांतली चित्रे दाखवताना मी ते कधीच सांगितले नव्हते.

मला स्वतःला या आयुष्यात सर्वांत जास्त गुंतवून ठेवते ती नावाची देवघेव. मासिकावर नाव फ्राय यांचे, पैसा आणि विक्रीची यंत्रणा न्यून्स यांची. जहाजावर नाव फ्राय यांचे, राबणूक बिएट्रिस यांची. उलट जिनिव्हाच्या व्यासपीठावर आवाज रणजींचा आणि वाक्ये फ्राय यांची. त्याआधी १८९७ मध्ये रणजींच्या नावाने निघालेल्या क्रिकेटच्या ग्रंथातही फ्राय यांचा हात होता. दुसऱ्याची मेहनत आपल्या नावाखाली आणि आपली मेहनत दुसऱ्याच्या नावाखाली, असे दोन्ही व्यवहार एकाच माणसाने इतक्या सहजतेने केलेले मी दुसरीकडे पाहिलेले नाहीत. म्हणून त्यांना प्रकाशक म्हणावे की संपादक, हा वाद मला फारसा महत्त्वाचा वाटत नाही. भांडवल घालणारा तो प्रकाशक, असे काटेकोर धरले तर न्यून्सच प्रकाशक ठरतात. पण वाचक पैसे मोजत होता ते फ्राय या नावासाठी, आणि ते नाव उभे राहिले होते तेरा शतकांवर आणि वाळूतल्या त्या साडेतेवीस फुटांवर.

हे मी बोलत असताना मामा पाठीवरचे सोने कापसाने पुसत होते. त्यांनी खंडावर आपला शिक्का मारला नाही. पूर्वी बांधणीकार आतल्या पुठ्ठ्याच्या कोपऱ्यात छोटी चिठ्ठी चिकटवीत, तशी लावा, असे मी सुचवले तेव्हा “कशाला वो?” एवढेच उत्तर आले. आजोबांच्या ट्रंकेतील इतर पुस्तकांवर पुणे-मुंबईच्या बांधणीकारांच्या अशा चिठ्ठ्या आहेत, आणि मला त्या पाहायला आवडतात.

एकूण खर्च १,४५० रुपये आला: शिलाई व कापडी पाठ ६५०, दुरुस्तीचे ६००, सोनेरी अक्षरांचे २००. यंत्रावरच्या बांधणीच्या जवळजवळ पाचपट. साध्या वह्या, शाळेची रजिस्टरे किंवा प्रबंध बांधायचे असतील तर इतका खर्च करण्याचे कारण नाही. ती कामे मामाही रेक्झिन लावून स्वस्तात आणि आठवड्यात करून देतात. ज्या कागदाला दुसरी प्रत नाही त्याच्यासाठी मात्र बेळगाव-खानापूर-निपाणी या टापूत याहून काळजीचा हात मला ठाऊक नाही. खंड आता पूर्ण सपाट उघडतो, कुठेही धरून ठेवावा लागत नाही, आणि प्रत्येक अंकाच्या आरंभी त्याचे मुखपृष्ठ, मागोमाग सायकलींच्या आणि खेळाच्या साहित्याच्या जाहिराती, मग मजकूर, असा क्रम आहे, जसा तो १९०४ च्या वाचकाच्या हातात पडला असेल तसाच.

जाणाऱ्यांसाठी थोडे व्यवहाराचे. दुकान सकाळी अकराच्या पुढे उघडते, दुपारी दोन ते चार बंद असते आणि शनिवारी बाजाराच्या गर्दीमुळे त्या बोळात दुचाकी लावता येत नाही. जिना अरुंद व अंधारा आहे. गुडघे दुखणाऱ्यांनी खालून हाक मारावी, भाचा उतरून येतो. मार्च-एप्रिलमध्ये शाळा-कॉलेजांच्या कामांचा ढीग असतो, तेव्हा जुने कागद नेऊ नयेत. आणि पावसाळ्यात नेले तर मी थांबलो तसे थांबावे लागेल. नेण्यापूर्वी आपल्या अंकांची पाने, मुखपृष्ठे आणि जाहिराती धरून, मोजून कागदावर लिहून न्यावीत. मामा ती मोजून घेतात आणि परत देताना पुन्हा मोजून देतात.